बेरीचा बुधवारचा बाजार

केंब्रिज,
१४ नोव्हेंबर

चि. बाळू यास,
अनेक आशीर्वाद.

परवा रात्री फोनवर तू बाजारतळाचा विषय काढलास, तिथं व्यापारी संकुल बांधून सोमवारचा बाजार बायपासला हलवायचा का हा, आणि मी नुसतं ‘बघू’ म्हणून गप्प बसलो. अण्णांना आता गावच्या भानगडीत पडायचं नाही, असं तुला वाटलं असेल. तसं नव्हतं. त्याच दिवशी मी आणि तुझी आई इथून जवळच्या एका बाजाराच्या गावी जाऊन आलो होतो. जे पाहिलं ते डोक्यात घोळत होतं आणि नेमका तुझा प्रश्न त्यावरच येऊन पडला. फोनवर सांगून भागलं नसतं, म्हणून लिहायला बसलो. सवडीनं वाच, पण ग्रामसभेच्या आधी वाच.

गावाचं नाव बरी सेंट एडमंड्स. लिहितात बरी, म्हणतात बेरी. ताईला रजा नव्हती, तिनं आम्हाला केंब्रिज स्टेशनवर गाडीत बसवून दिलं. चाळीसेक मिनिटांचा प्रवास. सगळी सपाट शेतं, डोंगराचं नाव नाही. आणि बांधाच्या कडेला मातकट, पांढुरक्या गड्ड्यांचे लांबच लांब ढीग. आईला वाटलं रताळी. ती साखरेची बिटं होती. बेरी जवळ आलं तसे आभाळात वाफेचे लोट दिसले, मग उंच गोल कोठ्या दिसल्या, आणि स्टेशनात उतरल्यावर वाराही नेमका तिकडून आला. बाळू, साखर कारखान्याच्या लॅबमध्ये तेहेतीस वर्षं मी ज्या वासात काढली, त्याचा हा चुलतभाऊ म्हण. आपल्या रसाचा तो गोड, जड वास नव्हे. ओल्या मातीचा, उकडलेल्या कंदाचा वास, पण मागे पाक शिजत असल्याची तीच खूण. मी फलाटावर उभाच राहिलो. आईनं बाही ओढली तेव्हा भानावर आलो.

हा कारखाना १९२५ सालचा. पहिल्या महायुद्धापर्यंत इंग्लंड बाहेरच्या साखरेवर जगायचं, त्यातली कितीतरी साखर जर्मनी-ऑस्ट्रियाकडच्या बिटाची. लढाई लागली आणि तीच मुलखं शत्रू झाली, तेव्हा आपल्या मातीत साखर पिकवायला हवी ही गोष्ट सरकारच्या ध्यानात आली. १९२५ मध्ये सरकारनं अनुदानाचा कायदा केला आणि या पूर्वेकडच्या भागात कारखाने उभे राहिले. आता सगळ्या देशात बिटाचे चारच उरलेत, त्यातला एक हा. आत जायला मिळालं नाही, पण पद्धत मला कागदावर ठाऊक आहे. गव्हाणीत मोळी पडत नाही. बीट आधी धुवायचं, दगड-माती काढायची, मग त्याचे शेवयांसारखे काप करून गरम पाण्यात त्यांतली साखर उतरवायची. आपण रस स्वच्छ करायला चुन्याबरोबर गंधकाचा धूर वापरतो, हे चुन्याबरोबर कार्बन डायऑक्साइड वापरतात. बिटात साखर साधारण सतरा टक्के. आपल्याकडे बारा टक्के उतारा पडला की आम्ही लॅबमध्ये पेढे वाटायचो. पण उसाची एक गोष्ट बिटाला नाही, ती म्हणजे बगॅस. आपला बॉयलर उसाच्याच चिपाडावर पेटतो. यांना जळण बाहेरून आणावं लागतं आणि बिटाचा चोथा वाळवून जनावरांना जातो. बीट वसंतात पेरलं की शरदात निघतं. आपला आडसाली ऊस दीड वर्ष रान अडवून बसतो. कारखाना शेतकऱ्यांचा नाही, कंपनीचा आहे. भाव शेतकऱ्यांची संघटना आणि कंपनी बसून ठरवतात. गाळप हंगाम तोच, आपला सुरू होतो तेव्हा यांचाही भरात असतो. माझ्या हंगामातल्या रात्रपाळ्या आठवल्या.

साखरेवर बराच वेळ गेला. पण तू ज्या घरात वाढलास ते घर साखरेवर उभं राहिलं, तेव्हा एवढं तुला वाचवत नेईल.

स्टेशनची इमारत १८४७ ची, दोन बाजूंना दोन मनोरे असलेली. तिथून चालत गेलं की रस्ता चढ घेतो आणि आपण बाजारात शिरतो. बेरीचा बाजार बुधवारी आणि शनिवारी भरतो. ‘मार्केट टाउन’ हा शब्द मी आजवर नुसता वाचला होता. त्याचा अर्थ आपल्याला ‘पेठ’ म्हटलं की नीट कळतो. आपल्याकडे नवी पेठ वसवायची तर सरकारातून कौल मिळायचा, काही वर्षं कर माफ व्हायचा, शेटे-महाजन नेमले जायचे. इंग्लंडातही बाजार भरवणं हा ज्याच्या-त्याच्या मनाचा मामला नव्हता. राजाची सनद लागायची, आणि बाजाराची पट्टी कोणी वसूल करायची हे सनदेत ठरायचं. ज्या गावाकडे हा हक्क ते मार्केट टाउन. आसपासच्या वाड्या-वस्त्यांनी माल घेऊन तिथं यायचं.

दोन रस्त्यांवर मांडव पडले होते, एकाचं नाव कॉर्नहिल, दुसऱ्याचं बटरमार्केट. म्हणजे धान्याचा उंचवटा आणि लोणीबाजार. शेजारी स्किनर स्ट्रीट, कातडी कमावणाऱ्यांची. पलीकडे हॅटर स्ट्रीट, टोप्या करणाऱ्यांची. आपल्या तांबट आळी, कासार आळी, बुरूड आळी जशा. भाजी, मासळी, पाव, चीज, फुलं, गरम कपडे, कुत्र्यांची खाणी, सगळं होतं. भाजीवाला ओरडत होता, ‘पाउंड अ बोल!’ आई थबकली. स्टीलच्या वाडग्यांत फळं रचून ठेवलेली, एक वाडगा एक पाउंड. ती म्हणाली, ‘अहो, हे तर वाटे लावलेत!’ आणि खरंच, तराजू नाही, वजन नाही, डोळ्यांनी वाटा बघायचा आणि उचलायचा. तिला इंग्रजी येत नाही, मांडवातल्या भाजीवाल्या बाईला मराठी येत नव्हतं, पण दोघींनी सफरचंदाचा एक वाडगा बदलून दुसरा ठरवला, आणि एक जादा फळ पिशवीत पडलं. पांढऱ्या गाजरासारखं पार्सनिप नावाचं कंद असतं. ते कसं करायचं हे त्या बाईनं हातवाऱ्यांनी सांगितलं. काल आईनं त्याला हिंग-मोहरीची फोडणी दिली. जावईबापूंनी दोनदा वाढून घेतलं.

बाजाराच्या तोंडाशीच मोइझेस हॉल नावाची गारगोटी आणि दगडाची इमारत आहे, ११८० च्या सुमाराची. आपल्याकडे देवगिरीवर यादवांचं राज्य उभं राहत होतं, त्या काळातली. त्या घराचं आयुष्य बघ: कधी खाणावळ, कधी तुरुंग, कधी अनाथ-गरिबांचं कामघर, कधी पोलीसचौकी, आणि १८९९ पासून गावाचं संग्रहालय. आठशेहून अधिक वर्षं ती भिंत बाजाराकडे तोंड करून उभी आहे. तिच्या पायरीशी टेकून एक म्हातारा चहा पीत होता. घड्याळाचे पट्टे विकत होता. त्याचे वडीलही इथंच मांडायचे असं म्हणाला.

आता या गावाची मूळ गोष्ट. एडमंड हा या पूर्वेकडच्या प्रांताचा राजा. ८६९ मध्ये डेन्मार्ककडून आलेल्या डेन लोकांनी त्याला मारलं. झाडाला बांधून बाण मारले, मग शिर तोडून झाडीत फेकलं. लोक शोधायला गेले तर ‘इथं, इथं’ असा आवाज आला. एक लांडगा ते शिर दोन पंजांत धरून राखत बसला होता, अशी कथा आहे. गावाच्या मानचिन्हावर अजून तो लांडगा आहे. पुढे राजाचा देह या गावी आणला, तो संत झाला, यात्रा सुरू झाली, मठ उभा राहिला. म्हणजे आधी देवस्थान, मग यात्रा, मग पेठ. हा क्रम आपल्याला शिकवावा लागत नाही.

मठाचा बाल्डविन नावाचा प्रमुख होता. त्यानं अकराव्या शतकात गावाचे रस्ते आखून घेतले, उभे-आडवे, पटावरच्या घरांसारखे. अजून तेच रस्ते आहेत. १०८६ मध्ये विल्यम राजानं साऱ्या इंग्लंडची पाहणी करून दफ्तर लिहवलं. त्यात या गावाबद्दल नोंद आहे की पूर्वी जिथं नांगर चालत होता तिथं आता ३४२ घरं आहेत. आणि मठाच्या चाकरीत ७५ जण: भटारी, दारू गाळणारे, शिंपी, धोबिणी, चांभार, आचारी, हमाल. हे वाचताना मला आपले बलुतेदार दिसायला लागले. एवढ्या मोठ्या राजाच्या दफ्तरात धोबिणींची नोंद झाली, हे मला फार मोठं वाटलं.

पण खरी गोष्ट इथून पुढे. बाजार मठाचा, पट्टी मठाची, गिरणी मठाची, गावाचे दरवाजे मठाचे. तिथल्या जोसेलिन नावाच्या भिक्षूनं बाराव्या शतकाच्या शेवटी मठाची हकिगत लिहून ठेवली. मठाचाच माणूस, पण गावाचे हालही लिहून गेला. सुगीच्या वेळी मठाच्या रानात कापणीची वेठ असायची, ती चुकवायची तर घरटी एक पेनी द्यायची. श्रीमंत सुटायचे, गरिबांकडे वसुली. पैसा नसला की मठाचे लोक घरातली तिवई, भांडी, अगदी दारही उचलून न्यायचे. तेव्हा गावच्या म्हाताऱ्या हातातल्या सूतकताईच्या काठ्या उगारून शिव्या देत त्यांच्या अंगावर जायच्या. शेवटी मठाला तो प्रकार थांबवावा लागला आणि गावानं वर्षाला वीस शिलिंग एकदम द्यायचं ठरलं. राजाशी नाही, सरदाराशी नाही, म्हाताऱ्यांनी सूतकताईच्या काठीनं देवस्थानाशी भांडण केलं आणि त्यांची बाजू टिकली.

त्याच भिक्षूनं लिहिलेली दुसरी गोष्ट पवनचक्कीची. ११९१ मध्ये हर्बर्ट नावाच्या एका धर्माधिकाऱ्यानं आपल्या जागेत पवनचक्की बांधली. इंग्लंडातल्या अगदी सुरुवातीच्या पवनचक्क्यांच्या नोंदींत ही एक. त्याचं म्हणणं, वाऱ्याचा लाभ कुणालाही नाकारता येणार नाही. मठाचा प्रमुख सॅमसन संतापला, कारण दळण दुसरीकडे गेलं की मठाच्या गिरणीचं उत्पन्न बुडतं. चक्की पाडायला त्यानं माणसं धाडली. हर्बर्टनं ती आधीच आपल्या माणसांकडून उतरवून ठेवली होती, म्हणजे निदान लाकूड तरी वाचलं.

मठाचा दरवाजा आजही उभा आहे, बाजारापासून उतारानं खाली गेलं की एका मोकळ्या चौकात. इतका देखणा की लोक त्याच्यासमोर फोटो काढायला रांग लावतात. मीही काढला, सोबत पाठवतोय. पण फोटोत न दिसणारी गोष्ट अशी. १३२७ च्या जानेवारीत गावकरी मठावर चालून गेले, दरवाजा मोडला, दप्तरं फोडली, मठप्रमुखाकडून गावाच्या हक्काचा कागद लिहून घेतला. तो कागद टिकला नाही. राजाची माणसं आली, धरपकड झाली. पुढे गावच्या काही जणांनी त्या प्रमुखाला पळवून थेट समुद्रापलीकडे ब्राबांतमध्ये, म्हणजे आजच्या बेल्जियमात, डीस्ट नावाच्या गावी नेऊन ठेवलं. मग मठानं हा नवा दरवाजा बांधला, लोखंडी जाळीच्या पडद्यासकट. नक्षीच्या आत बाण सोडायच्या फटी आहेत. सगळी कलाकुसर गावाकडे तोंड करून, आणि फटीही गावाकडेच. १३८१ मध्ये सगळ्या इंग्लंडात कुणबी-कष्टकरी उठले तेव्हा मठाच्या दोन नंबरच्या अधिकाऱ्याचं शिर याच बाजारात टांगलं गेलं. मला रक्तपाताचं कौतुक नाही. पण बाजाराच्या पट्टीसाठी आणि गावाच्या शब्दासाठी माणसं कुठवर गेली ते तुला कळावं.

मठ १५३९ च्या नोव्हेंबरात बुडाला. आठव्या हेन्रीनं देशातले सगळे मठ मोडले, त्यात हाही. आत आता बाग आहे, १८३१ पासून जपलेली, फुलांचे ताटवे आणि वाफे. मधूनमधून मठाचे सांगाडे उभे आहेत, आणि ते फार विचित्र दिसतात. खडबडीत, आकार नसलेले, वारुळासारखे. आईनं विचारलं, ‘असं कसं बांधलं यांनी?’ तसं बांधलं नव्हतं. या मुलखात आपल्यासारखा काळा पाषाण नाही, नुसत्या गारगोट्या. घडीव दगड लांबच्या बार्नॅकच्या खाणीतून आणला होता. भिंतीच्या पोटात गारगोट्या आणि चुना, बाहेरून तो घडीव दगड. मठ मोडल्यावर लोकांनी बाहेरचा दगड सोलून घरं बांधायला नेला. उरलं ते भिंतीचं पोट. आपल्या गढीच्या दगडांवर अर्ध्या गावाची जोती उभी आहेत, तसंच. चर्चच्या पश्चिमेच्या दर्शनी भागात तर लोकांनी घरंच बांधली आहेत. अवाढव्य कमानींच्या पोटात खिडक्या, पडदे, कुंड्या, आणि आत माणसं राहतात.

जिथं मुख्य वेदी होती तिथं पाट्या आहेत. १२१४ मध्ये सरदारांनी इथं जमून शपथ घेतली की राजा जॉनला हक्कांची सनद मान्य करायला लावू, असं सांगतात. पुढच्या वर्षी जूनमध्ये ती सनद, मॅग्ना कार्टा, झाली. म्हणून गाव अभिमानानं सांगतं, एका राजाचं देवस्थान आणि कायद्याचा पाळणा. मी मात्र त्या पाट्यांसमोर उभा राहून म्हाताऱ्यांच्या काठ्यांचाच विचार करत होतो. सरदारांची नावं दगडावर आहेत. त्या बायकांची नावं कुणी लिहिली नाहीत.

आणि एक दगड असा की तिथं आईनं डोक्यावरून पदर घेतला. चर्चच्या जुन्या दफनभूमीत अश्रूच्या आकाराचं एक स्मारक आहे. ११९० मध्ये या गावात ५७ ज्यूंची एकाच दिवशी कत्तल झाली. उरलेल्यांना सॅमसननं गावाबाहेर घालवून दिलं. ही माणसं याच बाजारात व्यवहार करणारी होती. सकाळपासून मी तुला आपल्या पेठेशी साम्य दाखवत आलो, पण हे लिहिल्याशिवाय ते खरं होणार नाही. जे गाव आपल्या हक्कासाठी मठाशी लढलं, त्याच गावानं आपल्या शेजाऱ्यांना मारलं. आपल्या बाजारातही कोण कुठं बसतं, कुणाच्या मालाकडे बोट दाखवलं जातं, हे तू आता सदस्य म्हणून डोळे उघडे ठेवून बघ.

दुपारी पाय दुखायला लागले तेव्हा एका बाकावर बसलो. ते बाक अमेरिकी बॉम्बर विमानाच्या पत्र्याचं आहे. दुसऱ्या महायुद्धात जवळच्या विमानतळावर असलेल्या एका अमेरिकी सैनिकानं या मुलखावर पुस्तक लिहिलं आणि त्याचं मानधन गावाला दिलं. त्यातून इथली गुलाबांची बाग झाली. पाहुणा म्हणून आलेला माणूस जाताना गुलाब लावून गेला. आईला हे फार आवडलं.

शेजारचं कॅथीड्रल पाहून घेतलं. त्याचा मनोरा २००५ मध्ये पुरा झाला, दगड आणि चुन्यातच, जुन्या पद्धतीनं. आता तुला आणि सूनबाईला आनंद होईल अशी गोष्ट. गावाच्या दक्षिणेला १८१९ चं एक छोटं नाट्यगृह आहे, थिएटर रॉयल. लंडनच्या नॅशनल गॅलरीचं काम ज्या विल्यम विल्किन्सनं केलं त्याचंच हे. मधे चाळीस वर्षं, १९२५ पासून १९६५ पर्यंत, ते बंद होतं आणि समोरची दारूभट्टी त्यात पिंपं ठेवायची. मग गावानं ते पुन्हा उघडलं. दारावरची माहिती वाचत होतो आणि एका ओळीवर अडकलो. १८९२ च्या २९ फेब्रुवारीला ‘चार्लीज आन्ट’चा पहिलावहिला प्रयोग इथं झाला. बाळू, ज्यावरून आचार्य अत्र्यांनी ‘मोरूची मावशी’ केलं, ते नाटक! आपल्या कॉलनीत गणपतीत हौशी मंडळींनी बसवलं होतं. टाइम ऑफिसच्या हेडक्लार्कांनी नऊवारी नेसून मावशी केली होती आणि तू आईच्या मांडीवर हसून हसून झोपी गेला होतास. मी हे सांगितल्यावर आई त्या दाराला हात लावून उभी राहिली. म्हणाली, ‘मावशीचं माहेर म्हणायचं हे.’

आता तुझ्या प्रश्नाकडे येतो.

बेरीला गुरांचा बाजारही होता. तो गेला. ज्या जागी गुरं बांधायची तिथं आज मोठं दुकान-संकुल आहे, २००९ मध्ये उघडलेलं, पार्किंगसकट. म्हणजे हे लोक जुन्याला चिकटून बसलेले नाहीत. पण भाजी-भाकरीचा बुधवार-शनिवारचा बाजार त्यांनी त्याच उंचवट्यावर, गावाच्या पोटात ठेवला. संकुल आलं म्हणून तो बायपासला धाडला नाही. मी मुद्दाम दोन्हीमधून चाललो. संकुलात तरुण मुलं होती, बाजारात म्हातारीकोतारी जास्त. आणि संकुलातून बाहेर पडलेली माणसं बाजारात येऊन ब्रेड घेऊन जात होती. एकमेकांवर दोन्ही चालतात, असं मला दिसलं.

तू म्हणालास, बाजारतळावर व्यापारी संकुल झालं तर ग्रामपंचायतीला गाळ्यांचं भाडं येईल, सोमवारी एसटी अडकते ती अडकणार नाही, घाण होणार नाही. तिन्ही गोष्टी खऱ्या आहेत. सोमवारी संध्याकाळी तो तळ बघवत नाही, हे मीही रोज बोलायचो. पण गाळ्याचं डिपॉझिट कोण भरणार? ज्याच्या हातात आधीच दुकान आहे तो. बायपासवरच्या जागेपर्यंत वरच्या वाडीहून चालत किती लागतं, हे तू कधी पायानं मोजलंयस का? तुला मोटरसायकल आहे.

तुझी आजी दर सोमवारी पहाटे पाटी घेऊन निघायची. वांगी, घेवडा, कधी अंडी. दोन कोस चालून उजाडायच्या आत पिंपळाखाली जागा धरायची. पावती फाडणारा ठेकेदाराचा माणूस आला की चंचीतून आणे काढून द्यायची, आणि दोन वाटे जास्त मागितले तर त्याला झाडायचीही. माझी हायस्कूलची फी, साताऱ्याच्या कॉलेजातलं बीएस्सीचं पहिलं वर्ष, पांढरा कोट, हे सगळं त्या पिंपळाखालून आलं. मला लॅबमध्ये नोकरी लागली त्या आठवड्यातही ती बाजाराला गेली. मी म्हटलं, आता कशाला? ती म्हणाली, ‘माझी जागा जाईल.’ मला तेव्हा ते हट्टासारखं वाटलं होतं. बेरीच्या बाजारात त्या घड्याळाच्या पट्टेवाल्याशेजारी उभा असताना तिचं बोलणं मला नीट कळलं, तिला जाऊन वीस वर्षं झाल्यावर.

तू मत कसं द्यायचंस ते मी सांगणार नाही. निवडून तू आलायस. पण दोन कामं कर. पहिलं, तलाठ्याकडून बाजारतळाचा सातबारा काढ आणि जुना फेरफारही बघ, ती जागा कुणी, कधी, कशासाठी दिली होती ते. लोकांच्या तोंडी वेगवेगळं असतं, कागद बघ. दुसरं, येत्या सोमवारी पहाटे पाचला वही घेऊन पिंपळाखाली जाऊन बस. उन्हं तापेपर्यंत बस. किती पाट्या आल्या, कुठल्या वाडीच्या, किती बायका, किती पुरुष, कोण चालत आलं, कोण वडापनं, किती जणांकडे गाळ्याचं डिपॉझिट भरण्याइतकी ऐपत आहे, सगळं लिहून काढ. विल्यम राजानं नऊशेहून अधिक वर्षांपूर्वी धोबिणी मोजल्या. आपल्याला एक सकाळ मोजायला जड नाही. मग ती वही ग्रामसभेत वाचून दाखव आणि जे तुला पटेल ते बोल. ट्रॅफिकचा उपाय मागायचा असेल तर सोमवारी सकाळी तेवढा रस्ता बंद करून एसटी बाहेरून वळवता येईल का, हे डेपोत विचार. बेरीत बाजाराच्या दिवशी तेच करतात. घाणीसाठी ठेकेदाराच्या करारात सफाईचं कलम आहे, ते मी स्वतः वाचलंय. ते पाळलं जात नाही, एवढंच.

बाकी इकडे सगळं ठीक. थंडी आहे पण घरात ऊब असते. आईचा गुडघा बरा आहे. ताईनं तुझ्या पोरांसाठी स्वेटर घेतलेत. फराळाच्या चकल्या अजून चार उरल्यात, त्या जावईबापू मोजून खातात. बोअरची मोटर दुरुस्त झाली का ते कळव, आणि आडसालीला पाण्याची पाळी चुकवू नकोस.

आणि एक. पिंपळाच्या पूर्वेला, हापशाच्या बाजूनं दुसऱ्या दगडापाशी तुझी आजी बसायची. सोमवारी गेलास की आता तिथं कोण बसतं ते विचार, आणि तिच्याकडून काहीतरी घे.

तुझा,
अण्णा